काट्यावरचा आकडा

मुलांनो, तुमच्या शाळेत वजन-उंची करतात ना? आमच्याही शाळेत करतात. हेडमास्तरांच्या खोलीतला काटा वर्गात येतो, भिंतीवर उंचीच्या खुणा आखलेल्या आहेतच. एकेकाचं नाव पुकारायचं. कुणी काट्यावर चढण्याआधी खिशातल्या गोट्या काढून ठेवतं, तर कुणी मुद्दाम खिशात दगड भरून येतं! उंची मोजताना हळूच टाचा वर करणारे वीरही असतात. त्या दिवशी गणिताचा तास बुडतो, त्यामुळे वर्ग एकदम खूश.

सगळाच वर्ग खूश असतो, असं मला बरीच वर्षं वाटत होतं.

मी सहावीची वर्गशिक्षिका. गेल्या वर्षी जुलैत असंच वजन करणं चाललं होतं. मी काट्यावरचा आकडा वाचायची आणि मॉनिटर तो नोंदवहीत लिहायचा. त्याला नीट ऐकू जावं म्हणून मी चांगल्या खणखणीत आवाजात सांगत होते. "अठ्ठावीस!" "एकतीस!" "साडेतेहतीस!" मग बकुळची पाळी आली. (तिचं खरं नाव बकुळ नाही बरं का. खरं नाव मी सांगणार नाही.) मी वाचलं, "चव्वेचाळीस!"

मागच्या बाकावरून आवाज आला, "बापरे! युरियाची गोणी!"

युरियाच्या गोणीत ४५ किलो असतात. आमच्या वर्गातली निम्म्याहून जास्त मुलं शेतकऱ्यांची, त्यांना हा हिशेब तोंडपाठ. वर्ग खो खो हसला. आणि खरं सांगू का? ओठांच्या कोपऱ्यात मीही हसले. "शांत बसा रे," असं म्हटलं आणि पुढचं नाव पुकारलं. बकुळ जागेवर जाऊन बसली. ती रडली नाही की काही बोलली नाही, म्हणून मीही तो प्रसंग विसरून गेले.

पुढचे तीन-चार आठवडे माझ्या काहीच लक्षात आलं नाही. मधल्या सुट्टीत खिचडी वाटताना मी रांगेवर लक्ष ठेवते, ताटांवर नाही. बकुळ रांगेत यायची, ताट भरून घ्यायची आणि त्यातली बरीचशी खिचडी मैत्रिणीच्या ताटात सरकवायची. कुणी विचारलं तर म्हणायची, "आज उपास आहे." सोमवारी उपास, मंगळवारी उपास, गुरुवारी उपास, शनिवारी उपास! अकरा वर्षांच्या मुलीनं एवढे देव एकदम कशासाठी धरले, हा प्रश्न मला पडायला हवा होता. घरी ती आईला सांगायची, शाळेत पोटभर जेवले. सकाळी नुसता चहा.

ऑगस्टमध्ये एकदा परिपाठाला प्रतिज्ञा चालू असताना ती मटकन खाली बसली. डोळ्यांपुढे अंधारी आली होती. तिला ऑफिसात आणलं, पाणी पाजलं, थोड्या वेळानं खिचडी भरवली. मग हळूहळू बोलली. म्हणाली, "बाई, मला चाळीसच्या आत यायचंय."

मुलांनो, त्या क्षणी मला माझाच खणखणीत आवाज आठवला.

दुसऱ्या दिवशी तिची आई शाळेत आली. शेतातून तशीच आली होती, पायाला चिखल. मी सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "बाई, घरीबी तिला सगळी जाडीच म्हणत्यात. चुलता म्हणतो, आजी म्हणती. मीबी म्हणते कधी कधी लाडानं. तिनं एवढं मनाला लावून घेतलं आसंल, हे मला काय ठाऊक?"

त्याच आठवड्यात तपासणीसाठी आरोग्य पथक शाळेत आलं. सरकारी आणि अनुदानित शाळांत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे डॉक्टर येतात, ते पथक. डॉक्टरीणबाईंना मी बाजूला घेऊन बकुळबद्दल सांगितलं. त्यांनी आधी तिला "भूक लागते का? झोप नीट लागते का?" असं विचारलं. मग उंची पाहिली. १५० सेंटिमीटर. जन्मतारीख पाहिली. मग एक तक्ता काढला आणि मला म्हणाल्या, "बाई, हिला जाड कुणी ठरवलं?"

आता हा हिशेब तुम्हीही करू शकता. वजन किलोत घ्यायचं, त्याला मीटरमधल्या उंचीनं भागायचं आणि जे उत्तर येईल त्याला पुन्हा उंचीनंच भागायचं. ४४ ला दीडनं भागलं की २९.३३ आणि त्याला पुन्हा दीडनं भागलं की साधारण साडेएकोणीस. या आकड्याला बीएमआय म्हणतात. मोठ्या माणसांसाठी त्याचे ठरलेले पट्टे आहेत, पण तुमच्यासाठी ते चालत नाहीत. तुम्ही अजून वाढताय! मुलगा की मुलगी आणि वय किती वर्षं, किती महिने, हे पाहून हा आकडा वेगळ्या तक्त्यावर मांडावा लागतो. जागतिक आरोग्य संघटनेनं २००७ मध्ये ५ ते १९ वर्षांच्या मुलामुलींसाठी असा तक्ता काढला आहे. त्या तक्त्यावर बकुळ अगदी व्यवस्थित बसत होती. ती वर्गात सगळ्यांत उंच होती, म्हणून वजनातही पुढे होती. बस्स, एवढंच!

सहावी-सातवीत असं हमखास होतं. झपाट्यानं उंची वाढण्याचा काळ मुलींच्या बाबतीत मुलांपेक्षा साधारण दोन वर्षं आधी येतो. म्हणून या वयात मुली मोठ्या दिसतात आणि मुलगे चिटुकले. नववी-दहावीत पारडं फिरतं. उंची वाढण्याआधी अंग थोडं भरतं, हेही नेहमीचंच. शरीर पुढच्या कामाची शिदोरी बांधत असतं म्हणा ना!

या बीएमआयची एक गंमत सांगते. तो काढण्याची रीत शोधली अ‍ॅडॉल्फ केटले या बेल्जियमच्या माणसानं, १८३० च्या दशकात. हा गृहस्थ डॉक्टर नव्हता. तो गणिती आणि खगोलशास्त्रज्ञ होता. त्याला 'सरासरी माणूस' कसा असतो हे शोधायचं होतं. त्या आकड्याला बीएमआय हे नाव मिळालं ते थेट १९७२ मध्ये, अ‍ॅन्सेल कीज या अमेरिकन शास्त्रज्ञाकडून. आकडा उपयोगाचा आहे, नाही असं नाही. डॉक्टरांना त्यावरून दिशा कळते. पण काट्याला हाड, स्नायू, चरबी आणि पोटातलं पाणी यांतला फरक कळत नाही. तो सगळ्याची एकच बेरीज सांगतो.

आता खरी गोष्ट पुढेच आहे. डॉक्टरीणबाईंनी बकुळच्या डोळ्यांच्या पापण्या खाली ओढून पाहिल्या, नखं पाहिली आणि प्राथमिक आरोग्य केंद्रात रक्त तपासायला सांगितलं. हिमोग्लोबिन निघालं दहा. या वयात ते निदान साडेअकरा तरी असावं लागतं. मला वाटलं, उपासांमुळे झालं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तीन-चार आठवड्यांत एवढं नाही होत. हे जुनं दुखणं आहे. उपासांनी त्यात भर घातली, इतकंच."

म्हणजे बघा हं! बकुळचं वजन सगळ्या गावाला दिसत होतं आणि ते अगदी ठीक होतं. तिचं रक्त कमी होतं, ते मात्र कुणालाच दिसत नव्हतं. जिना चढताना तिला धाप लागायची, दुपारच्या तासाला डुलक्या यायच्या, तेव्हा आम्ही काय म्हणायचो? "जाड आहे ना, म्हणून!" ज्या गोष्टीवर आम्ही हसत होतो ती बरोबर होती आणि जिच्याकडे बघायला हवं होतं तिच्याकडे आम्ही पाठ केली होती.

तिला डॉक्टरांनी लोहाच्या गोळ्या दिल्या. आठवड्यातून एकदा शाळेत निळी गोळी मिळते, तीही याचसाठी असते. (आमच्या वर्गाच्या खिडकीखाली मला अशा सात गोळ्या सापडल्या होत्या. कुणी टाकल्या ते मला माहीत आहे!) आणि जेवणाचं सांगितलं. काही महागडं नाही. बाजरीची भाकरी, मेथी, मटकीची उसळ, वर लिंबू पिळायचं. लिंबातल्या क जीवनसत्त्वामुळे अन्नातलं लोह अंगी लागतं. आणि जेवताना किंवा जेवणाला लागून चहा घ्यायचा नाही, कारण चहा ते लोह अडवतो. सकाळी चहा-खारी खाऊन शाळेत येणाऱ्यांनो, ऐकताय ना?

दुसऱ्या दिवशी गणिताच्या तासाला मी फळ्यावर तीन आकडे लिहिले. ५७, ६९, ५०. "ओळखा पाहू कसले!" कुणी म्हणालं पट, कुणी म्हणालं मार्क. मी म्हटलं, "ही वजनं आहेत. माणसांची. आणि ही सगळी माणसं ऑलिंपिकमध्ये गेलेली आहेत."

५७ म्हणजे आपले खाशाबा जाधव. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे. १९५२ मध्ये हेलसिंकीला त्यांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवलं. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. धिप्पाड पैलवान डोळ्यांपुढे आणाल तर फसाल, कारण त्यांचा गट ५७ किलोचा होता. ६९ म्हणजे कर्णम मल्लेश्वरी. २००० साली सिडनीत ६९ किलोच्या गटात त्यांनी एका प्रकारात ११० आणि दुसऱ्या प्रकारात १३० किलो वजन उचललं आणि ऑलिंपिक पदक मिळवणाऱ्या पहिल्या भारतीय महिला ठरल्या. दंड, खांदे, मांड्या, सगळं कसं भक्कम! गोणीच म्हणायची तर १३० किलो म्हणजे युरियाच्या जवळजवळ तीन गोण्या होतात. मागचा बाक यावर चिडीचूप होता.

५० चा आकडा विनेश फोगाटचा. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये ६ ऑगस्टला तिनं एका दिवसात तीन कुस्त्या जिंकल्या आणि ती अंतिम फेरीत गेली. पण दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा वजन झालं, तेव्हा काटा ५० किलोच्या वर १०० ग्रॅम दाखवत होता. रात्रभर तिनं व्यायाम केला होता, घाम गाळला होता, केससुद्धा कापले होते. तरी तिला बाद ठरवलं. अंगातलं पाणी कमी झाल्यामुळे तिला सलाईन लावावं लागलं. १०० ग्रॅम म्हणजे किती? मी अर्धा पेला पाणी टेबलावर ठेवलं. "एवढंच!"

एक जण उठून म्हणाला, "बाई, म्हणजे मी पाणी प्यायलो तरी माझं वजन वाढतं?" वाढतं की! आणि थोड्या वेळानं कमीही होतं. खेळात वजनगट हवेत, नाहीतर जोड बरोबरीची लागणार नाही. आपल्या गावच्या जत्रेतसुद्धा अंगकाठी बघूनच जोड लावतात. पण सहावीच्या वर्गात कुणाची कुणाशी जोड लावायची आहे?

मग मी बकुळचं नाव न घेता वर्गाला सांगितलं, की मी वजनं मोठ्यानं वाचली ही माझी चूक होती आणि हसले ही त्याहून मोठी चूक. बाई चुकल्या असं बाईंनीच म्हटलेलं मुलांना नवीन होतं. कुणाला कुठे बघावं कळेना.

आता तुम्ही म्हणाल, मग वजनाकडे बघायचंच नाही का? जसे आहोत तसे छान, असं म्हणून स्वस्थ बसायचं? थांबा. आमच्या वर्गात आणखी एक जण आहे. त्याला सगळे 'पैलवान' म्हणतात आणि तोही हसून दंड दाखवतो. त्याला कशाचंच काही वाटत नाही असा आमचा समज. डॉक्टरीणबाईंच्या तक्त्यावर मात्र त्याचा ठिपका बराच वर गेला होता. लंगडीत दोन मिनिटांत दम लागायचा, रात्री घोरायचा. शाळेच्या दारातल्या दुकानातून रोज दोन पाकिटं आणि एक गोड थंड पेय. हे सांगायला मी घरी गेले, तर आजी माझ्यावरच उखडल्या. "बाई, नजर लावू नका माझ्या नातवाला! खात्यापित्या घरचं पोर हाय ते. आमचं अंगच आसं."

अंगकाठी घराण्यातून येते, हे आजींचं खरं आहे. कुणाची हाडं रुंद, कुणी शिडशिडीत, कुणी सावळं, कुणी बुटकं. हे आई-बाबांकडून मिळालेलं असतं, त्याची लाज धरायची नाही आणि त्यावर पैसेही घालवायचे नाहीत. गोरं करण्याचं आश्वासन देऊन वर्षानुवर्षं विकल्या गेलेल्या एका क्रीमनं २०२० मध्ये आपल्या नावातला 'फेअर' हा शब्द काढून टाकला, तो काही उगाच नाही. पण दम लागणं घराण्यातून आलंय असं म्हणून सोडून देता येत नाही. घरातली जुनी सायकल आपलीच असते, तिचं आपल्याला प्रेमही असतं, म्हणून काय तिला तेल घालायचं नाही?

डॉक्टरीणबाईंनी पैलवानाला उपाशी राहायला मुळीच सांगितलं नाही. वाढत्या वयात बहुतेक मुलांना वजन उतरवावं लागत नाही. ते आहे तिथे राहिलं आणि उंची वाढत गेली, तरी गाडी रुळावर येते. पाकिटं आणि पेय बंद करायचं, भाकरी-भाजी पोटभर खायची, वेळेवर झोपायचं आणि खेळायचं. रोज सरासरी तासभर तरी हालचाल करा, असं जागतिक आरोग्य संघटना तुमच्या वयाच्या मुलांना सांगते. त्यात मैदानच हवं असं नाही. दोरीवरच्या उड्या, लगोरी, शाळेपर्यंत झपाझप चालणं, सगळं चालतं.

पण पैलवानाला पळायला आवडत नव्हतं. का आवडत नव्हतं, ते एकदा त्यानंच सांगितलं. "बाई, पळताना सगळे बघतात." दंड दाखवून हसणारा पोरगा तो! आम्हाला वाटायचं त्याला काही वाटत नाही. मग त्याचे काका त्याला रविवारी विहिरीवर पोहायला न्यायला लागले, पाठीला डबा बांधून. पाण्यात अंग हलकं होतं, दम कमी लागतो आणि कुणी बघत नाही. महिन्याभरात डबा सुटला. रस्सीखेचीत तो आधीपासूनच आमच्या संघाचा शेवटचा गडी. आता वडिलांच्या मोटारसायकलवरून न येता शाळेला चालत येतो, वाटेत बोरं पाडतो.

चार महिन्यांनी पुन्हा वजन केलं. तो काट्यावरून उतरला तो तोंड पाडूनच. "बाई, काहीच झालं नाही. तेवढंच आहे." मी त्याला भिंतीला उभं केलं. जुनी खूण आणि नवी खूण यांत दोन सेंटिमीटरचं अंतर होतं. "आणि लंगडीचं काय?" असं विचारलं, तर म्हणाला, "तीन डाव खेळतो आता." मग ही नोंदसुद्धा वहीत करायला नको का? आम्ही ती केली.

थोडं पालकांशीही बोलायचं आहे. ढब्बू, ढोल्या, सुकट, काडीपैलवान ही लाडाची नावं आपण मुलांना किती सहज देतो! लग्नाकार्यात मुलगी भेटली की "किती वाळलीस गं" नाहीतर "अंगानं सुटलीस हं" यापलीकडे दुसरं वाक्य आपल्याला सुचत नाही. मी मावशी-आत्या म्हणून हेच करत आले आहे. बारीक मुलांच्या आया "काहीतरी टॉनिक द्या" म्हणून माझ्या मागे लागतात. पोरगं खेळतं, खातं, वर्षाला वाढतं, तर टॉनिक कशाला? मूल अंगानं कसं दिसतं त्यापेक्षा ते ताटातलं काय ठेवतं, दिवसभर कसं असतं, झोपतं किती, हे बघितलेलं बरं. जेवण टाळणं, लपवणं, जेवल्यावर मुद्दाम उलटी काढणं, चक्कर येणं, एकाएकी वजन उतरणं, असं काही दिसलं तर रागावू नका, डॉक्टरांकडे न्या. आणि फोनवर बघून पोरांनी सुरू केलेले ते 'आठ दिवसांत बारीक व्हा' प्रकार ताबडतोब बंद करा. वाढत्या मुलांसाठी ते नाहीतच.

आमच्या वर्गात आता काटा कपाटाच्या मागे ठेवतो. एका वेळी एकच जण आत जातो. आकडा मी वाचत नाही, ज्याचा तो वाचतो आणि मी लिहून घेते. शेजारी त्याचाच मागचा आकडा असतो, दुसऱ्या कुणाचा नाही. या बदलामुळे वजनाला एकाच्या जागी दोन तास लागतात आणि गणिताबरोबर इतिहासही बुडतो. मुलांची काहीच तक्रार नाही.

डिसेंबरात बकुळ कपाटामागून बाहेर आली. तिचं हिमोग्लोबिन तेव्हा साडेअकराच्या वर गेलं होतं, ते मला आदल्या आठवड्यात कळलं होतं. मागच्या बाकावरच्या त्याच आवाजानं विचारलं, "ए, किती भरलं गं?"

"तुला काय करायचंय?" ती म्हणाली. "तुझी पाळी आली, जा आत. आणि बाई, खिचडीची घंटा झाली, मी जाऊ?"